दिल्लीस आमची पोरे : एका १६ मिमी रिळाच्या प्रकल्प नोंदी

१२ मे २०२५, नागपूर

धंतोलीतल्या एका जुन्या घरातून फिल्मचा डबा जतनासाठी ताब्यात घेतला. पत्र्याचा गोल डबा, झाकणावर गंज, आत एकच रीळ. घरातल्या आजींचे वडील शाळेत शिक्षक होते आणि शाळेच्या बालवीर पथकाचे स्काऊटमास्तरही. आजी म्हणाल्या, "यात बेडन-पॉवेल आहेत म्हणून बाबा सांगायचे. आम्ही लहानपणी एकदा चादरीवर पाहिलं होतं. मग एका दुकानात व्हिडिओ करायला दिलं, तर त्यानं कडच फाडून आणली. त्यानंतर कुणाच्या हाती दिलं नाही." बेडन-पॉवेल म्हणजे स्काऊट चळवळीचे संस्थापक.

झाकण उघडताच व्हिनेगरचा वास आला. उग्र नाही, पण आहे. फिल्मचा ऱ्हास सुरू झाल्याची ती खूण. आजींसमोर फीत उलगडली नाही. उकाड्यात, पंख्याखाली, धुळीत ते काम करायचं नसतं. डब्याच्या तळाशी चौघडी करून ठेवलेला एक पिवळा कागद होता, त्यावर मोडीत काहीतरी लिहिलेलं. तो वेगळ्या पाकिटात घातला. पोचपावती लिहून दिली, तिची एक प्रत माझ्याकडे.

रात्रीच्या गाडीने पुण्याला. डबा उशाशी.

१४ मे

पहिली तपासणी. रिवाइंडरवर, म्हणजे फीत गुंडाळायच्या यंत्रावर, हाताने, अगदी सावकाश.

१६ मिमी, कृष्णधवल, मूक. दोन्ही कडांना छिद्रं, म्हणजे ध्वनिपट्टीला जागाच ठेवलेली नाही. लांबी ३८६ फूट. या मापात फुटाला ४० फ्रेम बसतात, म्हणून एकूण १५,४४० फ्रेम. मध्ये तीन सांधे, तिन्ही फिल्म-सिमेंटने, म्हणजे फिल्मच्या खास गोंदाने, चिकटवलेले. १०० फुटी चार गुंडाळ्या जोडून हे रीळ केलेलं दिसतं. प्रत्येक सांध्याच्या अलीकडे-पलीकडे कडेने पांढुरका धुरकटपणा आहे. अशा गुंडाळ्या उजेडातच कॅमेऱ्यात भरत, तेव्हा बाहेरच्या वेढ्यांना प्रकाश लागायचा. त्याची ही खूण.

कडेवर भिंगातून 'सेफ्टी फिल्म' ही अक्षरं आणि शेजारी एक भरीव वर्तुळ दिसलं. कोडॅक फिल्म बनवल्याचं वर्ष अशा खुणांनी छापत असे आणि त्या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येत. एकच वर्तुळ म्हणजे १९१६, १९३६ किंवा १९५६. १६ मिमी फिल्म बाजारात आली १९२३ मध्ये, म्हणून १९१६ बाद. आजी म्हणतात ते खरं असेल, तर १९५६ही बाद, कारण बेडन-पॉवेल ८ जानेवारी १९४१ला केनियात न्येरी इथे वारले. उरलं १९३६.

आणि फेब्रुवारी १९३७ मध्ये दिल्लीत अखिल भारतीय जांबोरी, म्हणजे स्काऊटांचा मोठा मेळावा, भरली होती. तिला ते पत्नी ओलेव्ह यांच्यासह आले होते. १९३६ साली बनलेली फिल्म १९३७च्या फेब्रुवारीत कॅमेऱ्यात असणं अगदी स्वाभाविक आहे. अर्थात यावरून फिल्म कधी बनली तेवढं कळतं, ती कधी चालवली ते नाही. नोंदीत 'अंदाजे १९३७' एवढंच लिहिलं.

१५ मे

आकुंचन मोजलं. छिद्रांची १०० अंतरं ७६२ मिमी भरायला हवीत, इथे ७५७ भरली. म्हणजे ०.६६ टक्के. दातेरी चाकाच्या प्रोजेक्टरवर ही फीत चढवणं आता धोक्याचं. फाटलेली छिद्रं मुख्यतः दुसऱ्या गुंडाळीत आहेत, सलग नऊ फूट. स्कॅनरला दाते नसले तर निभावेल.

आम्लता तपासणारी निळी कागदी पट्टी डब्यात ठेवून झाकण लावलं. चोवीस तास थांबायचं.

१६ मे

पट्टीचा निळा रंग हिरव्याकडे झुकू लागलाय. पातळी ०.५ ते १ च्या मध्ये. १.५ला पोचली की फिल्ममधलं आम्लच पुढचं आम्ल तयार करू लागतं आणि ऱ्हास झपाट्याने वाढतो. अजून वेळ आहे, पण पावसाळा तोंडावर आहे. ओलाव्याने हे सगळं लवकर होतं. जून संपायच्या आत पूर्ण स्कॅन व्हायलाच हवं.

३ जून, चाचणी स्कॅन

पहिले ३० फूट स्कॅन करून घेतले. १,२०० फ्रेम. सेकंदाला १६ या गतीने सव्वा मिनिट.

तंबूंच्या रांगा. मोकळं मैदान. अर्ध्या चड्डीतली मुलं, काहींच्या डोक्याला फेटे, काहींच्या रुंद काठाच्या टोप्या. मग गर्दी दुभंगते आणि एक म्हातारा माणूस येतो. अर्धी चड्डी, गुडघ्यापर्यंत मोजे, तीच टोपी. चाल ताठ आहे, पण पाऊल जपून पडतं. मागे गणवेशातली एक बाई, वयाने खूप लहान. बेडन-पॉवेल आणि ओलेव्ह यांच्यात ३२ वर्षांचं अंतर होतं आणि दोघांचा वाढदिवस एकच, २२ फेब्रुवारी. त्या दिल्लीच्या मेळाव्यानंतर काही दिवसांतच ते ८० वर्षांचे झाले.

तो माणूस एका रांगेपाशी थांबतो, मुलांशी हात मिळवतो. एक पोरगा इतका बावरतो की हात द्यायचाच विसरतो. मग म्हाताराच त्याचा हात शोधून घेतो.

हा शॉट मी सहा वेळा पाहिला.

४ जून

काल रात्री चाचणी स्कॅन सरांना दाखवला. सरांनी चाळीस वर्षं पुण्याच्या शाळांतून स्काऊटिंग शिकवलं, अजून स्कार्फ इस्त्री करून ठेवतात. मी कौतुकाने लॅपटॉप पुढे केला. पहिल्या अर्ध्या मिनिटात ते म्हणाले, "अगं, ही सगळी मुलं डाव्या हाताने सलाम का करताहेत?"

मला काही उत्तर सुचेना. स्काऊटचा सलाम उजव्या हाताने असतो, तीन बोटं उभी. हस्तांदोलन मात्र डाव्या हाताने. इथे उलट होतं. सलाम डाव्याने, हात मिळवणं उजव्याने. सर म्हणाले, "हा आरसा झालाय. फिल्म उलटी बसवली तुम्ही."

बरोबर. आणि त्या चुकीमुळे एक मोठी गोष्ट हाती लागली. फिल्मच्या एका बाजूला चित्राचा थर असतो, दुसरी बाजू नुसत्या बेसची, म्हणजे पारदर्शक फितीची. निगेटिव्हवरून काढलेली संपर्क-प्रत (निगेटिव्हला थेट टेकवून छापलेली) थराच्या बाजूने पाहिली की चित्र सुलट दिसतं. कॅमेऱ्यात प्रत्यक्ष चाललेली फिल्म मात्र बेसच्या बाजूने पाहावी लागते, कारण चित्रण होताना थराचं तोंड भिंगाकडे असतं. आम्ही ही 'प्रत' आहे असं धरून स्कॅनर लावला. चित्र उलटं आलं, म्हणजे ही प्रत नाही. दिल्लीच्या त्या मैदानावर कॅमेऱ्याच्या पोटात फिरलेली फीत हीच आहे.

टेबलावर परत येऊन कडा पाहिल्या. काळ्याभोर. निगेटिव्हवरून काढलेल्या प्रतीच्या कडा सहसा पारदर्शक राहतात. ही रिव्हर्सल फिल्म आहे, त्याच फितीवर प्रक्रिया करून पडद्यावर दाखवायचं चित्र तयार होतं. हौशी लोक हीच वापरत, कारण स्वस्त पडे. हिला निगेटिव्ह नसतंच. हे रीळ गेलं तर त्यातलं चित्र जगातून गेलं.

आजींना फोन केला. त्या थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "आणि मी ते शिवणयंत्राच्या खणात ठेवलं होतं गं इतकी वर्षं."

५ जून

चित्र उलटं आलंय याला दुसरा, स्वतंत्र पुरावा हवा म्हणून चाचणीतले उरलेले शॉट पाहिले. एका ठिकाणी बेडन-पॉवेल खुर्चीत बसून छोट्या वहीत काही रेखाटताना दिसतात. मला वाटलं, पेन्सिलीचा हात पाहिला की झालं. पण ते दोन्ही हातांनी चित्रं काढत. हा पुरावा बाद. शेवटी सदऱ्यांच्या गुंड्यांनी निकाल दिला. पुरुषी सदऱ्याची डावी पट्टी उजवीवर येते, आमच्या स्कॅनमध्ये ती उलट होती. दोन वेगळ्या खुणा एकच सांगतात, म्हणून निर्णय पक्का केला.

डाव्या हाताच्या हस्तांदोलनाची गोष्ट सरांनी पुन्हा सांगितली. पश्चिम आफ्रिकेतल्या अशांती लोकांच्या मुलखात एका सरदाराने डाव्या हातातली ढाल खाली ठेवून तो हात पुढे केला. ढाल ठेवली म्हणजे पूर्ण विश्वास. अशी ती कथा. बेडन-पॉवेल १८९५-९६च्या अशांती मोहिमेत होते, एवढं इतिहासात आहे. कथा मी नोंदीत 'परंपरेनुसार' या शब्दाने घेतली.

११ जून

पूर्ण स्कॅन झाला. बेसच्या बाजूने, दाते नसलेल्या यंत्रावर, फाटक्या नऊ फुटांना फ्रेम-फ्रेम जपत. प्रत्येक फ्रेमची वेगळी डीपीएक्स (फिल्म-स्कॅनसाठीची चित्र) फाइल, २०४८ गुणिले १५५६ पिक्सेल. फ्रेमला पावणेतेरा एमबी धरले तर एकूण सुमारे १९७ जीबी. साठवण: दोन हार्ड डिस्क आणि एक एलटीओ, म्हणजे दीर्घकाळ साठवणीची चुंबकीय टेप. प्रत्येक फाइलचा चेकसम, म्हणजे फाइल बदलली तर कळवणारा आकडा, काढून वेगळा जपला.

बाहेर मृगाचा पाऊस पडत होता. वेळेत झालं.

१३ जून

पूर्ण रीळ पहिल्यांदा सलग पाहिलं. एकूण ४७ शॉट. कॅमेरा सुरू होताना पहिली एक-दोन फ्रेम जास्त प्रकाश खाऊन पांढरी होते. त्या पांढऱ्या ठिणग्या मोजल्या की कॅमेरा किती वेळा थांबला हे कळतं.

रिळात बेडन-पॉवेल किती आहेत, तेही मोजलं. ४७ पैकी ११ शॉट. तेही बहुतेक लांबून. उरलेल्या ३६ शॉटमध्ये मुलं आहेत. चूल पेटवणारी, काठ्यांचा मनोरा रचणारी, तंबूचे दोर ताणणारी, कढईतून वाढून घेणारी. एक मुलगा पितळी लोटा घासताना मान वर करतो आणि सरळ भिंगात बघतो. ४३ फ्रेम. पावणेतीन सेकंदांपेक्षा थोडं कमीच. रिळात इतक्या जवळून घेतलेला दुसरा चेहरा नाही.

ज्याने कॅमेरा धरला होता त्याला संस्थापकापेक्षा त्या मुलाच्या जवळ जायला जमलं, की जायचंच होतं, यावर मी बराच वेळ विचार केला. मुलांनी सैनिकी शिस्तीच्या नव्हे, खेळाच्या आणि रानाच्या वाटेने माणूस व्हावं, ही या माणसाची १९०७ सालची कल्पना. ब्राउनसी बेटावरचं विसेक मुलांचं शिबिर. तिचा खरा अंश या लोट्याच्या शॉटमध्ये जास्त उतरलाय असं मला वाटतं.

२५ जून, गतीचा प्रश्न

मूक फिल्म कोणत्या गतीने दाखवायची? २४च्या गतीने रीळ १० मिनिटं ४३ सेकंदांत संपतं आणि ऐंशीचा माणूस तुरुतुरु पळतो. जुनी माणसं पडद्यावर नेहमी घाईत दिसतात, ते बहुतेक वेळा चुकीच्या गतीने दाखवल्यामुळे. त्यांना अशी वागणूक देणं मला मनापासून खटकतं.

उपाय सरांनी सुचवला. तिसऱ्या गुंडाळीत संचलन आहे. ब्रिटिश पद्धतीच्या जलद संचलनात मिनिटाला १२० पावलं पडतात, म्हणजे सेकंदाला दोन. कॅमेरा १६च्या गतीने चालला असेल तर एका पावलाला आठ फ्रेम लागायला हव्यात. आम्ही दोघांनी वेगवेगळं बसून वीस पावलं मोजली. माझ्या १५८ फ्रेम आल्या, सरांच्या १५९. पावलाला जवळजवळ आठ.

त्याच शॉटच्या शेवटी मात्र पावलाला साडेसहाच फ्रेम भरतात आणि चित्रही थोडं उजळ होतं. चावीचा कॅमेरा होता, स्प्रिंग उतरत आली की तो मंदावतो. फ्रेम कमी पडतात आणि प्रत्येक फ्रेमला प्रकाश जास्त वेळ मिळतो. उजळपणा आणि घाई एकाच वेळी वाढते. दाखवायच्या प्रतीत तेवढा भाग सावकाश करावा का? नाही. चावी संपत आली होती हेही त्या दिवशी घडलेलंच आहे.

१६ची गती पक्की. एकूण १६ मिनिटं ५ सेकंद. आता ते नीट चालतात. अधूनमधून थांबून श्वास घेतात, तेही दिसतं.

९ जुलै, मोडीचा कागद

मोडी उत्तम वाचणाऱ्या एका मैत्रिणीने कागद लावून दिला. मी इतके दिवस त्याला रिळाची यादी समजत होते. 'बे. पॉ. यांचे आगमन', 'व्हाइसरॉय' असं काही असेल आणि शॉट ओळखायला मदत होईल, अशी आशा होती.

तसं काही नाही. सर्वात वर मोठ्या अक्षरात: 'दिल्लीस आमची पोरे'. त्याखाली सहा मुलांची नावं, प्रत्येकापुढे इयत्ता. मग सामानाची यादी, 'घोंगड्या ७, लोटे ७, कंदील १'. खाली 'प्रत्येकाने स्वतःचा लोटा ओळखून ठेवावा'. तारीख नाही. बेडन-पॉवेल यांचं नाव कुठेही नाही.

सहा मुलं आणि सात घोंगड्या. सातवी मास्तरांची.

नावं मी या नोंदींत लिहीत नाही. मुलांच्या घरच्यांना विचारल्याशिवाय ती इथे येणार नाहीत. मुख्य नोंदवहीत घेतली आहेत.

१० जुलै

पुन्हा रीळ लावलं, या वेळी सहा जणांचा गट शोधत. शॉट १४: जेवणाच्या पंगतीच्या टोकाला सहा मुलं, एकाच रंगाचे स्कार्फ. शॉट २२: तीच सहा, तंबूसमोर. शॉट २९: चालताना, पाठमोरी, आणि त्यांच्या बाजूला एक उंच माणूस, गळ्यात शिट्टीची दोरी, उजवा खांदा किंचित खाली. लोटा घासणारा मुलगा त्या सहांपैकीच.

शॉट २९मधल्या काही फ्रेम आजींना पाठवल्या. कोण असेल असं मुद्दाम लिहिलं नाही. दहा मिनिटांत फोन. "हे बाबा आहेत. तो खांदा. पाणी भरून भरून तसा झाला होता."

नोंदीत: 'पाठमोरी व्यक्ती, ओळख कुटुंबीयांच्या सांगण्यावरून'. आजींना हे शब्द कोरडे वाटतील, तरी तसेच ठेवले. उद्या कुणी शंका घेतली तर ओळख कुणी आणि कशावरून सांगितली, ते तिथे असायला हवं. एका शॉटमध्ये बेडन-पॉवेल यांच्या बाजूला खूप उंच साहेब उभे आहेत. व्हाइसरॉय लिनलिथगो फार उंच होते आणि पदामुळे भारताचे चीफ स्काऊटही. तरी तो चेहरा सावलीत आहे, म्हणून नोंद 'उंच पुरुष, सूट आणि हॅट' एवढीच. साहेबाला एक नियम आणि मास्तरांना दुसरा, असं करायचं नाही.

१८ जुलै, टिपणाचा मसुदा

वर्णनात्मक टिपण लिहायला घेतलं. पहिला मसुदा रात्री वाचला आणि फाडला. त्यात सगळं 'चळवळीचे जनक', 'ऐतिहासिक भेट' असंच आलं होतं. घडलेलं त्याहून गुंतागुंतीचं आहे.

बेडन-पॉवेल भारतात पहिल्यांदा आले ते पाहुणे म्हणून नव्हे. १८७६च्या अखेरीस, १९ वर्षांचे असताना, १३व्या हुसार्स या ब्रिटिश घोडदळ पलटणीतले नवखे अधिकारी म्हणून ते मुंबईत उतरले आणि लखनौला गेले. पुढे १८९७ ते ९९ मेरठ. ज्या सैनिकी पुस्तिकेतून पुढे मुलांसाठीची कल्पना वाढली, तिची जुळवाजुळव त्यांनी भारतातच केली. भारतात पहिलं स्काऊट पथक १९०९ मध्ये बंगळूरला निघालं, पण ते युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलांपुरतं. भारतीय मुलांना दार बंद होतं. म्हणून इथल्या लोकांनी आपापली दारं उघडली. मद्रासला अ‍ॅनी बेझंट आणि अरुंडेल, अलाहाबादेकडे मालवीय, हृदयनाथ कुंझरू आणि श्रीराम बाजपेयी यांची सेवा समिती, आणि मध्य प्रांतात, म्हणजे आमच्या या रिळाच्या मुलखात, नागपूरचे बॅरिस्टर व्हिव्हियन बोस. ते पुढे सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती झाले.

बेडन-पॉवेल यांच्या १९२१च्या भेटीत बेझंटबाईंची संघटना त्यांच्या मूळ संघटनेत आली, सेवा समिती बाहेरच राहिली. अडचण वचनाची होती. स्काऊटने राजाशी एकनिष्ठ राहण्याचं वचन द्यायचं, आणि राजा इंग्लंडचा. १९३५ साली वचन घेतलेल्या मुलाला फेब्रुवारी १९३७ पर्यंत तिसरा राजा लागला होता. पाचवा जॉर्ज जानेवारी १९३६ मध्ये वारला, आठव्या एडवर्डने ११ डिसेंबरला गादी सोडली, मग सहावा जॉर्ज.

आणि तो हिवाळा कोणता? डिसेंबर १९३६च्या अखेरीस खानदेशात फैजपूरला काँग्रेसचं अधिवेशन, खेड्यात भरलेलं पहिलं. फेब्रुवारीत प्रांतिक निवडणुकांचे निकाल येत होते. त्याच महिन्यात या मैदानावर युनियन जॅकला सलाम देणारी ही मुलं. झेंडा रिळात दोनदा दिसतो, रंग नसले तरी पट्ट्यांवरून ओळखू येतो.

त्या दौऱ्यानंतर भारतीयांच्या चारित्र्याबद्दल बेडन-पॉवेल यांनी काढलेल्या उद्गारांनी देशभर संताप उसळला. १९३८ मध्ये अनेकांनी मूळ संघटना सोडली आणि हिंदुस्थान स्काऊट असोसिएशन उभी राहिली. दोन्ही प्रवाह एकत्र यायला ७ नोव्हेंबर १९५० उजाडला. भारत स्काऊट्सची स्थापना त्या दिवशी झाली, पुढच्या वर्षी १५ ऑगस्टला मुलींच्या गाइड्स त्यात आल्या.

हे सगळं टिपणात घेतलं. बावरलेल्या मुलाचा हात शोधून घेणारा म्हातारा आणि त्याच दौऱ्यानंतर त्या मुलाच्या देशाचा अपमान करणारा माणूस एकच आहे. रिळात पहिला दिसतो, दुसरा दिसत नाही. मूक फिल्मचं टिपण लिहिणाऱ्यावर तेवढी जबाबदारी येतेच.

२१ जुलै

टिपण आजींना फोनवर वाचून दाखवलं. १९३८च्या परिच्छेदाला त्या मध्येच म्हणाल्या, "थांब. हे बाबांनी केलं होतं. सभासदत्व सोडलं, खाकी सोडली नाही. राजाची ओळ गाळून मुलांकडून वचन घ्यायचे. म्हणायचे, बाकीचं सगळं चांगलं आहे, ते कशाला टाकायचं?"

मग कागदावर बेडन-पॉवेल यांचं नाव नसण्याचा अर्थ हाच का, असं लगेच मनात आलं. पण कागदावर घोंगड्या आणि लोटे आहेत. तो निघण्याआधी लिहिलेला असणार, रागाच्या आधीचा. निघताना मास्तरांच्या मनात पोरं होती आणि सामान होतं. एवढंच त्यावरून म्हणता येतं, म्हणून तेवढंच लिहिलं. आजींची आठवण त्यांच्या आवाजात ध्वनिमुद्रित करून स्वतंत्र जोडली.

३० जुलै, क्रमाचा घोळ

चार गुंडाळ्या चुकीच्या क्रमाने जोडल्या आहेत असं वाटतंय. शेकोटीची तयारी पहिल्या सांध्यानंतर येते आणि तंबू उभारणं चौथ्या गुंडाळीत. चौथ्या गुंडाळीतच कमानीवरची अक्षरंही आहेत, थोडी धूसर, पण 'जांबोरी' वाचता येतं. चाचणीत ती हाती आली असती तर आरशाची चूक तेव्हाच लक्षात आली असती.

मूळ फितीचे सांधे उघडायचे नाहीत. जतनाच्या डिजिटल प्रतीचाही क्रम आहे तसाच. फक्त दाखवायच्या प्रतीत चौथी गुंडाळी पुढे आणली आणि तसं सुरुवातीच्या पाटीवर लिहिलं.

सर कडेवरच्या वर्तुळाचा मोठा केलेला फोटो बघत बसले होते. म्हणाले, "आमच्याकडे माग काढायच्या खुणांत वर्तुळात ठिपका म्हणजे 'मी घरी गेलो'. न्येरीला त्यांच्या थडग्यावर तीच खूण कोरलीय." मग फोटो खाली ठेवून त्यांनी चहा घेतला.

१२ ऑगस्ट, शीर्षक

नोंदीसाठी शीर्षक ठरवायचं होतं. एका सहकाऱ्याचं म्हणणं, 'बेडन-पॉवेल यांची भारतभेट, १९३७' असं द्यावं, लोक त्याच नावाने शोधतील. ते खरं आहे. पण नोंदीचा साधा नियम असा, की वस्तूवर किंवा तिच्यासोबत मूळचं शीर्षक असेल तर तेच घ्यायचं, आपण दिलेलं नाव नंतर.

मूळ शीर्षक कागदावर आहे, मास्तरांच्या हातचं. तेव्हा: 'दिल्लीस आमची पोरे'. पर्यायी शीर्षकात आणि शोधशब्दांत बेडन-पॉवेल, ओलेव्ह, जांबोरी, दिल्ली, १९३७. शोधणाऱ्याला रीळ सापडेल.

व्यक्तींच्या रकान्यात सात नावं आधी, मग बेडन-पॉवेल आणि ओलेव्ह. सहकाऱ्याने विचारलं, हा कोणता क्रम? शॉटच्या संख्येचा. त्या सहांपैकी कुणी ना कुणी १७ शॉटमध्ये आहे. मास्तर एकाच शॉटमध्ये आहेत, पण ही पोरं 'आमची' म्हणणारे तेच, म्हणून ते पोरांसोबत.

२२ ऑगस्ट

फीत नव्या प्लास्टिकच्या गाभ्यावर, हवा खेळेल अशा नव्या डब्यात सैलसर गुंडाळली. जुना डबा वेगळा ठेवला, झाकणावरच्या गंजासकट. मोडी कागद आम्लविरहित पाकिटात. मूळ रीळ थंड आणि कोरड्या कोठारात ठेवायला आजींनी लेखी संमती दिली आहे, मालकी त्यांचीच. पट्टीची पुढची तपासणी फेब्रुवारीत.

संध्याकाळी आजींच्या नातवाने दाखवायची प्रत घरच्या टीव्हीवर लावली, मी फोनवर होते. तंबू, मग कमान, मग गर्दी. बेडन-पॉवेल आले तेव्हा नातू म्हणाला, "आजी, हेच ते." आजी म्हणाल्या, "हो रे, पुढे जाऊ दे." शॉट २९ला त्यांनी थांबवायला सांगितलं. मला नुसता पंख्याचा आवाज येत होता.

नंतर त्यांनी सहा नावं वाचायला लावली. पुन्हा एकदा, सावकाश, त्या लिहून घेत होत्या. चौथ्या नावाशी म्हणाल्या, "अगं, हे काटोलचे. दिवाळीला संत्र्यांची पेटी घेऊन यायचे, बाबांच्या पाया पडायचे. लोटा घासतोय तो हाच असेल. नाक बघ ना."

काटोलचा पत्ता त्यांच्या जुन्या वहीत आहे. सोमवारी फोन करायचा, ४३ फ्रेम सोबत पाठवायच्या, आणि कोण आहे ते आधी सांगायचं नाही.